सेंट जॉन्समध्ये नर्सिंग शिकायचे असेल तर: इतिहास, अभ्यासक्रम आणि प्रवेशाची वाट

बारावीचा निकाल लागला की वसईपासून श्रीरामपूरपर्यंत अनेक घरांत हा प्रश्न निघतो, की मुलीला नर्सिंगला पाठवायचे तर कुठे? बंगळुरूच्या सेंट जॉन्सचे नाव त्यात हमखास येते. कुणाच्या मावशीने तिथे शिक्षण घेतलेले असते, कुणाच्या धर्मग्रामातील (चर्चच्या पॅरिशमधील) सिस्टर, म्हणजे नन, तिथे असतात. मात्र माहिती तुकड्यातुकड्यांनी मिळते आणि त्या तुकड्यांवर विसंबून घेतलेले निर्णय पुढे महागात पडतात. मी स्वतः या वाटेने गेलेली आहे आणि माझ्यानंतर येणाऱ्या मुलींना फोनवर जे पुन्हा पुन्हा सांगावे लागते, ते येथे क्रमाने लिहीत आहे. इतिहासाचा भाग वगळून थेट कागदपत्रांकडे जाऊ नका, अशी माझी आग्रहाची विनंती आहे, कारण या संस्थेचे प्रवेशाचे बहुतेक नियम तिच्या इतिहासातूनच आलेले आहेत.

१. आधी संस्था समजून घ्या

सेंट जॉन्स नॅशनल अकॅडमी ऑफ हेल्थ सायन्सेस ही बंगळुरूच्या कोरमंगला भागातील संस्था भारतातील कॅथलिक बिशपांच्या परिषदेने, म्हणजे सीबीसीआयने, स्थापन केली. वैद्यकीय महाविद्यालय १९६३ साली सुरू झाले, पण या कल्पनेचे मूळ त्याहून बरेच जुने आहे.

मेरी ग्लोरी या ऑस्ट्रेलियातील मेलबर्न विद्यापीठातून १९१० साली डॉक्टर झालेल्या बाई १९२० साली आंध्रातील गुंटूरला आल्या आणि तिथे जीझस-मेरी-जोसेफ (जेएमजे) या नन्सच्या संघात व्रतस्थ झाल्या. त्या काळी चर्चच्या नियमांनुसार व्रतस्थ व्यक्तींना डॉक्टरकी करण्यास मज्जाव होता, त्यामुळे त्यांना रोमहून खास परवानगी घ्यावी लागली. हा निर्बंध रोमने १९३६ मध्ये उठवला. पुरुष डॉक्टरांकडे जाऊ न शकणाऱ्या बाया बाळंतपणात दगावत होत्या आणि सेवाभावी सिस्टर पुष्कळ असल्या तरी प्रशिक्षित हात फार थोडे होते, हे ग्लोरी यांनी गुंटूरमध्ये रोज पाहिले. १९४३ साली त्यांनी कॅथलिक रुग्णालयांची राष्ट्रीय संघटना उभी केली, जी आज कॅथलिक हेल्थ असोसिएशन ऑफ इंडिया म्हणून ओळखली जाते. भारतात कॅथलिक वैद्यकीय महाविद्यालय असावे, हा ध्यास त्यांनी अखेरपर्यंत धरला. १९५७ साली बंगळुरूमध्येच त्यांचे निधन झाले आणि सहा वर्षांनी महाविद्यालय उभे राहिले.

सुरुवातीला या महाविद्यालयाचे स्वतःचे रुग्णालय नव्हते. विद्यार्थी सेंट मार्थाज रुग्णालयात शिकायला जात. गुड शेफर्ड संघाच्या सिस्टरांनी १८८६ साली सुरू केलेले हे रुग्णालय बंगळुरूतील जुन्या रुग्णालयांपैकी एक आहे. कोरमंगल्यातील स्वतःचे रुग्णालय १९७५ साली सुरू झाले आणि आज ते हजाराहून अधिक खाटांचे आहे. रुग्णालय आले तशी प्रशिक्षित परिचारिकांची गरज वाढली, म्हणून ऐंशीच्या दशकात आधी नर्सिंग स्कूल आणि त्या दशकाच्या अखेरीस नर्सिंगचे पदवी महाविद्यालय सुरू झाले. पुढे संशोधन संस्थाही याच परिसरात आली.

डॉक्टरांना आणि परिचारिकांना शहरात स्थिरावण्यासाठी घडवावे, एवढा या संस्थेचा हेतू कधीच नव्हता. जिथे कुणी जायला तयार नसते, त्या मिशन रुग्णालयांना माणसे मिळावीत, यासाठी ती स्थापन झाली. म्हणूनच एमबीबीएस झालेल्यांकडून दोन वर्षे दुर्गम भागातील सेवेची अपेक्षा केली जाते आणि प्रवेशात व्रतस्थ सिस्टरांचा वेगळा विचार होतो. ‘माझ्यापेक्षा कमी गुण असून तिला जागा कशी मिळाली?’ असे विचारणाऱ्या पालकांना याचे उत्तर या इतिहासातच मिळेल.

सामुदायिक आरोग्याचे कामही याच विचारातून आले. कोलार भागातील मल्लूर या गावात १९७३ साली दूध सहकारी संस्थेच्या मदतीने आरोग्य सहकारी संस्था सुरू झाली. दुधाच्या उत्पन्नातील काही पैसे गावाच्या दवाखान्यासाठी बाजूला काढले जात. सहकाराच्या मातीत वाढलेल्या मराठी वाचकाला हा प्रयोग जवळचा वाटावा. सर्जापूरपलीकडील मुगलूर येथे आजही संस्थेचे ग्रामीण प्रशिक्षण केंद्र आहे.

२. ‘विद्यापीठ’ या शब्दाचा घोळ सोडवून घ्या

लोक सेंट जॉन्सला सहज विद्यापीठ म्हणतात, पण पदवी देते ते राजीव गांधी आरोग्य विज्ञान विद्यापीठ. कर्नाटकातील आरोग्यविषयक महाविद्यालये १९९६ साली स्थापन झालेल्या या विद्यापीठाशी संलग्न आहेत, जशी महाराष्ट्रातील महाविद्यालये नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाशी आहेत. परीक्षा, निकाल, पात्रता प्रमाणपत्र आणि पदवीनंतरच्या गुणपत्रिका यांसाठी तुमचा संबंध याच विद्यापीठाशी येणार, हे सुरुवातीलाच लक्षात ठेवा.

दुसरा घोळ नावांचा. वेल्लोर आणि लुधियाना येथील ख्रिश्चन मेडिकल कॉलेज या संस्था कॅथलिक नाहीत, त्यांची परंपरा प्रोटेस्टंट आहे. वेल्लोरमध्ये आणि दिल्लीच्या राजकुमारी अमृत कौर महाविद्यालयात १९४६ साली देशातील पहिले नर्सिंग पदवी अभ्यासक्रम सुरू झाले, त्यामुळे नर्सिंगच्या इतिहासात वेल्लोरचे स्थान फार मोठे आहे, परंतु तेथील प्रायोजकत्वाची, म्हणजे चर्चने उमेदवार पुरस्कृत करून पाठवण्याची, पद्धत पूर्णपणे वेगळी आहे. तुमच्या धर्मगुरूंचे पत्र एकीकडे चालले म्हणून दुसरीकडे चालेल, असे गृहीत धरू नका. कॅथलिक पर्यायच पाहायचा असेल तर मंगळुरूच्या कंकनाडी येथील फादर मुल्लर संस्थेचा विचार जरूर करा. ऑगस्टस मुल्लर या जेझुइट धर्मगुरूंनी १८८० साली तिची सुरुवात केली. घराजवळ राहायचे असेल तर अंधेरीच्या महाकाली लेणी रस्त्यावरील होली स्पिरिट रुग्णालयाची नर्सिंग शिक्षण संस्था आहे.

३. कोणता अभ्यासक्रम तुमच्यासाठी आहे ते ठरवा

बीएस्सी नर्सिंग हा चार वर्षांचा, आठ सत्रांचा पदवी अभ्यासक्रम आहे. भारतीय परिचर्या परिषदेच्या नव्या अभ्यासक्रमापासून वार्षिक परीक्षांच्या जागी सत्र पद्धत आली, त्यामुळे जुन्या मावशींचे अनुभव आणि जुन्या नोट्स जपून वापरा. जीएनएम (जनरल नर्सिंग अँड मिडवायफरी) हा तीन वर्षांचा पदविका अभ्यासक्रम असून तो पूर्ण केलेल्यांसाठी दोन वर्षांचा पोस्ट बेसिक बीएस्सी असतो. एमएस्सी दोन वर्षांची. तिच्यासाठी बीएस्सीनंतर किमान एक वर्षाचा कामाचा अनुभव लागतो, म्हणून पदवी हाती पडताच अर्ज करायला धावू नका.

रुग्णसेवेत यायचे आहे पण नर्सिंग नको, अशा मुलामुलींसाठी त्याच परिसरात प्रयोगशाळा तंत्रज्ञान, इमेजिंग, डायलिसिस, परफ्युजन, रेडिओथेरपी असे संलग्न आरोग्य विज्ञानाचे पदवी अभ्यासक्रम आहेत. माझे स्पष्ट मत असे, की रुग्णाच्या अंगाला हात लावून काम करणे ज्याला मनापासून नको वाटते, त्याने नोकरीच्या खात्रीपोटी नर्सिंग घेऊ नये.

४. पात्रता तपासा, आणि ती अकरावीतच तपासा

बीएस्सी नर्सिंगसाठी बारावीला भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र, जीवशास्त्र आणि इंग्रजी हे विषय उत्तीर्ण असणे आवश्यक आहे. खुल्या प्रवर्गासाठी विज्ञान विषयांत एकत्रित ४५ टक्के, तर अनुसूचित जाती-जमातींसाठी ४० टक्के ही परिचर्या परिषदेची किमान अट आहे. प्रवेशाच्या वर्षातील ३१ डिसेंबरपर्यंत वयाची १७ वर्षे पूर्ण व्हावी लागतात. आपल्याकडे बरीच मुले अकरावीत गणित ठेवून जीवशास्त्र सोडतात आणि बारावीनंतर नर्सिंगकडे वळतात. त्यांच्यासाठी हा दरवाजा बंद होतो. म्हणून ही चौकशी बारावीनंतर करण्यात अर्थ नाही.

किमान अट पूर्ण झाली म्हणजे प्रवेश मिळाला, असा अर्थ काढू नका. प्रत्यक्षातील स्पर्धा त्याहून बरीच वरची असते.

५. तुमची जागा कोणत्या वाटेने येते ते ओळखा

सर्वाधिक गोंधळ याच टप्प्यावर होतो, म्हणून थोडे सविस्तर सांगते.

राज्यघटनेच्या अनुच्छेद ३० नुसार अल्पसंख्याक समाजांना आपल्या शिक्षणसंस्था स्थापन करण्याचा व चालवण्याचा अधिकार आहे. या अधिकाराच्या मर्यादा आणि प्रवेशप्रक्रिया पारदर्शक असण्याची अट यांवर सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी निकाल दिले. त्यातील २००५ चा महत्त्वाचा निकाल ‘पी. ए. इनामदार विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या आपल्याच राज्यातील खटल्याचा आहे. २०२० मध्ये नीट परीक्षा अल्पसंख्याक महाविद्यालयांनाही लागू असल्याचे न्यायालयाने स्पष्ट केले. सारांश असा, की कॅथलिक विद्यार्थ्यांना प्राधान्य मिळू शकते, पण परीक्षा आणि गुणवत्ता यांतून कुणाचीही सुटका नाही.

व्यवहारात तीन वाटा ध्यानात ठेवा. पहिली कर्नाटक शासनाच्या परीक्षा प्राधिकरणाची, म्हणजे केईएची. शासकीय कोट्यातील जागांना कर्नाटकातील रहिवासाच्या आणि शिक्षणाच्या अटी असतात, त्यामुळे मुंबई-पुण्याच्या मुलींना ही वाट सहसा मोकळी नसते. बेळगाव, खानापूर, निपाणी भागातील मराठी मुली मात्र कर्नाटकाच्याच उमेदवार आहेत. त्यांनी राज्याची प्रवेश परीक्षा चुकवू नये. दुसरी वाट महाविद्यालयाच्या स्वतःच्या सूचनेनुसार भरायच्या अर्जाची. तिसरी वाट व्रतस्थ सिस्टरांची आणि मिशन संस्थांनी पाठवलेल्या उमेदवारांची. त्यांना आपल्या संघाच्या वरिष्ठांचे पत्र लागते.

महाविद्यालयाचा अर्ज आणि शासनाचा अर्ज या वेगवेगळ्या गोष्टी आहेत. एक भरला म्हणजे दुसरा आपोआप भरला जात नाही. त्या वर्षीचे माहितीपत्रक पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचा आणि शेवटच्या तारखा कॅलेंडरवर लिहून ठेवा. महाराष्ट्राची बीएस्सी नर्सिंग सीईटी दिली असेल तर तिचे गुण महाराष्ट्रातील प्रवेशासाठी असतात. ती द्याच, कारण हातात दुसरा पर्याय असलेली मुलगी शांतपणे निर्णय घेऊ शकते.

६. कागदपत्रांची फाइल तयार करा

- दहावी आणि बारावीच्या गुणपत्रिका व प्रमाणपत्रे
- शाळा किंवा कनिष्ठ महाविद्यालय सोडल्याचा दाखला
- राज्य मंडळाच्या विभागीय कार्यालयातून मिळणारे स्थलांतर प्रमाणपत्र
- राजीव गांधी विद्यापीठाचे पात्रता प्रमाणपत्र, जे कर्नाटकाबाहेरच्या मंडळातून आलेल्यांना घ्यावे लागते
- आधार कार्ड, जन्मदाखला आणि छायाचित्रे
- वैद्यकीय तंदुरुस्तीचा दाखला आणि लसीकरणाची नोंद
- कॅथलिक प्राधान्यासाठी स्नानसंस्काराचा (बाप्तिस्म्याचा) दाखला आणि प्रमुख धर्मगुरूंचे शिक्का असलेले पत्र
- शिक्षणात खंड पडला असेल तर त्याचे प्रतिज्ञापत्र
- लागू असल्यास जातीचा व उत्पन्नाचा दाखला

यादी तशी साधी आहे. खरी अडचण नावांची असते. महाराष्ट्र मंडळाच्या गुणपत्रिकेवर आडनाव आधी, मग स्वतःचे नाव, मग वडिलांचे, आणि आईचे नाव वेगळ्या ओळीत असते. आधारवर क्रम उलटा असतो. त्यातच वसईच्या घरांत स्नानसंस्काराच्या दाखल्यावर घोन्साल्विस, शाळेत गोन्साल्विस, एकीकडे लोपीस तर दुसरीकडे लोपेस, असे चालत आलेले असते. आपल्या गावात याचे कुणाला काही वाटत नाही, पण परराज्यातील पडताळणीच्या टेबलावर बसलेल्या माणसाला या दोन वेगवेगळ्या व्यक्ती दिसतात. बारावीच्या सुट्टीतच आधारवरील नाव दहावीच्या गुणपत्रिकेशी जुळवून घ्या. दाखल्यातील फरक मिटत नसेल तर दोन्ही नावे एकाच व्यक्तीची असल्याचे प्रतिज्ञापत्र करून ठेवा. नर्सिंगमध्ये हेच नाव पुढे नोंदणीवर, पासपोर्टवर आणि परदेशी परिषदेच्या अर्जावर जाते. आज एका अक्षराकडे केलेले दुर्लक्ष दहा वर्षांनी आडवे येते.

लसीकरणही आधीच सुरू करा. हेपटायटिस बीच्या तीन मात्रा शून्य, एक आणि सहा महिन्यांनी घ्यायच्या असतात. परीक्षा संपताच पहिली घेतली तर रुग्णविभागात उभे राहण्यापूर्वी निदान दोन मात्रा पूर्ण होतात.

मूळ कागद पडताळणीसाठी दाखवा, मात्र एखादा मूळ कागद ठेवून घेतला जात असेल तर लेखी पोच घ्या. प्रत्येक कागदाच्या स्कॅन प्रती आणि साक्षांकित प्रतींचा एक संच घरी ठेवा.

७. पैशांचे लेखी बोला आणि एजंटापासून दूर राहा

शुल्काचे आकडे मी मुद्दाम देत नाही, ते दरवर्षी बदलतात. मात्र विचारताना फक्त शिक्षण शुल्क विचारू नका. वसतिगृह, भोजन, गणवेश, विद्यापीठ शुल्क, परीक्षा शुल्क, अनामत रक्कम आणि क्षेत्रभेटींचा खर्च असा चारही वर्षांचा पूर्ण तपशील लेखी मागा. सेवेचा करार असेल तर तो सही करण्याआधी पालकांसह वाचा: किती काळाची सेवा, कुठे, वेतन किती आणि मध्येच सोडल्यास काय. सेवेची अट असणे वाईट नाही, या संस्थांचा तो प्राणच आहे, पण ती माहीत असलेली बरी.

‘बंगळुरूला नर्सिंग, हजेरीची गरज नाही, पदवीची हमी’ असे सांगणारे एजंट महाराष्ट्राच्या तालुक्यातालुक्यांत फिरतात. अशा पदवीवर पुढे एखाद्याचा जीव अवलंबून असणार आहे, हे पालकांनी समजून घ्यावे. सेंट जॉन्सच्या नावाने कुणी जागा मिळवून देतो म्हणाला तर संभाषण तिथेच थांबवा. पैसे फक्त संस्थेच्या खात्यात भरा आणि पावती घ्या.

अनुसूचित जातीच्या विद्यार्थ्यांची मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्ती ज्या राज्याचा रहिवास, त्या राज्याकडून मिळते. त्यामुळे परराज्यात शिकत असलात तरी अर्ज महाराष्ट्राकडेच करायचा असतो. कर्नाटकातील कार्यालयांत चकरा मारू नका.

८. पहिल्या सत्राची तयारी करा

मुंबईहून उद्यान एक्सप्रेस पुणे, सोलापूरमार्गे बंगळुरूला जाते. पहिल्यांदा सोडायला घरचे आले तर दिवसाउजेडी पोहोचण्याचा बेत करा, कारण कोरमंगल्याकडची वाहतूक फार वेळ खाते.

पहिल्या सत्रात ‘नर्सिंग फाउंडेशन’ हा विषय पाया घालतो. पलंग नीट घालणे, हात शास्त्रशुद्ध धुणे, नाडी आणि रक्तदाब मोजणे, रुग्णाला अंथरुणात पुसून काढणे. चादरीचा कोपरा असा दुमडायचा, की रुग्ण कुशीवर वळला तरी सुरकुती पडू नये. सुरकुतीवर दिवसेंदिवस पडून राहिलेल्या म्हाताऱ्या माणसाला त्याच जागी जखम होते. मॅडम तो कोपरा उलगडून पुन्हा घालायला लावतात तेव्हा राग येतो, पण विभागात पहिली शय्याव्रणाची जखम स्वच्छ करताना त्या कोपऱ्याचे मोल कळते. प्रत्येक कृतीची नोंद लॉगबुकात करून त्याच दिवशी सही घ्या. महिन्याच्या शेवटी सह्या गोळा करायला निघालात तर त्या मिळत नाहीत.

वर्ग इंग्रजीत चालतात, रुग्ण मात्र कन्नड, तमिळ, तेलुगू, मल्याळम, हिंदी अशा कितीतरी भाषा बोलतात. मराठी माध्यमातून आलेल्या मुलींना इंग्रजीची धास्ती असते. माझ्या मते कन्नडची तयारी अधिक गरजेची आहे. ‘एल्लि नोविदे?’ म्हणजे कुठे दुखते, ‘ऊट आय्ता?’ म्हणजे जेवण झाले का, एवढ्या दोन वाक्यांवरही आजीबाई तुमचा हात धरून बोलू लागतात.

कॅथलिक नसलेल्या मुलींचे पालक धर्माविषयी हमखास विचारतात. मिस्सा, प्रार्थना, दीपप्रज्वलनाचा शपथविधी हे तेथील दिनक्रमाचा भाग आहेत. मात्र अनुच्छेद २८ नुसार मान्यताप्राप्त शिक्षणसंस्थेत कुणालाही संमतीशिवाय धार्मिक उपासनेत भाग घ्यायला लावता येत नाही. एक गोष्ट मात्र आधी माहीत असावी. कॅथलिक रुग्णालयांत चर्चच्या शिकवणीनुसार गर्भपात आणि नसबंदीच्या शस्त्रक्रिया केल्या जात नाहीत. अभ्यासक्रमात आणि परीक्षेत कुटुंबनियोजन व गर्भपातविषयक कायदा असतोच, म्हणून हा भाग पुस्तकातून आणि क्षेत्रकार्यातून अधिक लक्षपूर्वक शिका.

९. पदवीनंतरची नोंदणी लांबवू नका

पदवी मिळाली तरी नोंदणीशिवाय परिचारिका म्हणून काम करता येत नाही. प्रथम नोंदणी कर्नाटक राज्य परिचर्या परिषदेकडे होते. महाराष्ट्रात परतायचे असेल तर तिथून ना-हरकत घेऊन मुंबईतील महाराष्ट्र परिचर्या परिषदेकडे नोंदणी करावी लागते. भारतीय परिचर्या परिषदेच्या राष्ट्रीय नोंदणी प्रणालीत तुम्हाला एक कायमचा ओळख क्रमांक मिळतो. तो आधारशी जोडलेला असल्याने नावाचा प्रश्न येथे पुन्हा उभा राहतो. नोंदणीचे दर पाच वर्षांनी नूतनीकरण करायचे असते आणि त्यासाठी सतत शिक्षणाचे तास लागतात, म्हणून कार्यशाळांची प्रमाणपत्रे पहिल्या नोकरीपासून एका फाइलीत ठेवा.

बंगळुरू सोडण्यापूर्वी विद्यापीठाकडून सविस्तर ट्रान्सक्रिप्ट (सर्व गुणांचा अधिकृत उतारा) आणि महाविद्यालयाकडून विषयवार सैद्धांतिक व प्रात्यक्षिक तासांचा दाखला मागून घ्या, दोन-दोन प्रतींत आणि मोहोरबंद. परदेशी परिषदा हे तास विचारतात. आज परदेशी जायचा विचार नसला तरी हे काम त्याच आठवड्यात उरका. वसईत किंवा कोल्हापुरात बसून, नोकरीच्या पाळ्या सांभाळत, एका सहीसाठी शेकडो किलोमीटरवरच्या कार्यालयाला फोन लावत बसण्यापेक्षा ते कितीतरी सोपे पडते.